ब्रिटनशी करार झाला, मग लंडनच्या बँकेत घरबसल्या ठेव का ठेवता येत नाही?

मेघना_ठाणे

गेल्या रविवारी नात्यातल्या एका मुंजीला गेले होते. पंगत उठली होती, विडे वाटणं चाललं होतं, तेवढ्यात आमचे एक मेहुणे म्हणाले, "तुम्ही बँकेतल्या, तुम्हीच सांगा. ब्रिटनशी करार झाला, स्कॉच स्वस्त होणार, गाड्या स्वस्त होणार असं पेपरात येतंय. मग लंडनच्या बँकेत मला घरबसल्या ठेव का ठेवता येत नाही?"

प्रश्न रास्त आहे. मी बावीस वर्षं परकीय चलनाच्या टेबलावर आहे, तरी उभ्याउभ्या मला नीट उत्तर देता आलं नाही. म्हणून हा धागा.

२४ जुलै २०२५ ला भारत-ब्रिटन करारावर सह्या झाल्या. त्यात वित्तसेवांचं स्वतंत्र प्रकरण आहे, पण मेहुण्यांना हवं ते त्यात नाही. का नाही, हे कळायला तीस वर्षं मागे जावं लागतं. १ जानेवारी १९९५ ला जागतिक व्यापार संघटना सुरू झाली, तेव्हा मालाच्या कराराबरोबर सेवांचाही करार लागू झाला. त्याला सगळे गॅट्स म्हणतात. सेवा सीमा कशी ओलांडते याचे चार प्रकार त्यात मानले आहेत. लंडनच्या बँकेने लंडनमध्ये बसून ठाण्याच्या माणसाची ठेव घेतली तर तो मोड १. ठाण्याचा माणूस लंडनला गेला आणि तिथे खातं उघडलं तर मोड २. बँकेने फोर्टात शाखा थाटली तर मोड ३. तिथला अधिकारी इथे कामाला आला तर मोड ४. प्रत्येक देशाने आपापल्या तक्त्यात क्षेत्रवार लिहून दिलं आहे की कुठल्या वाटेने किती येऊ देऊ.

भारताच्या तक्त्यात बँकिंगला मोड १ समोर काहीच कबूल केलेलं नाही. जे कबूल केलं ते शाखांबद्दल: परदेशी बँकांना, नव्या-जुन्या सगळ्या मिळून, वर्षाला १२ शाखांचे परवाने. एटीएम त्यात मोजायचे नाहीत. शिवाय परदेशी बँकांचा वाटा देशातल्या एकूण बँक-मालमत्तेच्या १५ टक्क्यांवर गेला, तर नवे परवाने नाकारायची मुभा. वित्तसेवांच्या या वाटाघाटी डिसेंबर १९९७ मध्ये पुऱ्या झाल्या आणि १ मार्च १९९९ पासून लागू झाल्या. त्यानंतर आपण प्रत्यक्षात बरंच जास्त उघडलं, पण लिहून दिलं ते एवढंच.

आता खरी मेख. गॅट्सला वित्तसेवांचं एक परिशिष्ट आहे. त्यातला एक परिच्छेद सांगतो की करारात बाकी काहीही लिहिलेलं असो, ठेवीदार, गुंतवणूकदार, विमाधारक यांच्या संरक्षणासाठी किंवा वित्तव्यवस्था स्थिर राहावी म्हणून कुठलाही देश सावधगिरीचे उपाय करू शकतो. लगेच पुढचं वाक्य: करारात न बसणारे उपाय दिलेला शब्द टाळण्यासाठी वापरायचे नाहीत. या दोन वाक्यांत सगळं आलं. पहिलं रिझर्व्ह बँकेच्या हाती अधिकार देतं, दुसरं त्या अधिकाराचा गैरवापर अडवतं. ब्रिटन, सिंगापूर, युरोप, कुणाशीही वित्तसेवांचा करार करा, या दोन वाक्यांचं कुठलं तरी रूप त्यात असतंच.

माझं ठाम मत आहे की हे कलम असायलाच हवं. शर्ट आयात केला तर तो हातात येतो आणि व्यवहार संपतो. ठेव घेतली की व्यवहार सुरू होतो. पाच वर्षांनी पैसे परत देईन असं वचन देणारा माणूस दुसऱ्या देशात बसलेला असेल, तर त्या देशाचा नियामक जागा आहे की नाही हे इथून कुणी पाहायचं?

मेहुण्यांना एवढं सांगता येईल की रिझर्व्ह बँकेच्या उदार प्रेषण योजनेखाली प्रत्येक निवासी भारतीयाला आर्थिक वर्षात २,५०,००० डॉलरपर्यंत बाहेर पाठवता येतात. ए-२ फॉर्म भरायचा, पैसे कशासाठी चाललेत त्याचा पर्पज कोड टाकायचा. म्हणजे तुम्ही होऊन तिकडे खातं उघडायला आडकाठी नाही. त्या बँकेने इथे येऊन किंवा मोबाइलवर जाहिरात करून तुमच्याकडे ठेव मागायची नाही, अडसर तिथे आहे. इंटरनेटमुळे ही रेघ पुसट होत चालली आहे, हेही खरं.

द्राक्षबाग

ताई, मस्त समजावलंत. मी पिंपळगाव बसवंतचा. युरोपला माल जातो, रीफर कंटेनर न्हावाशेव्यातून. आमचा प्रश्न बँकेचा नाही, विम्याचा आहे. रॉटरडॅमचा खरेदीदार म्हणतो त्यांच्याकडची मरीन पॉलिसी स्वस्त आहे आणि दावा लवकर निघतो. मग मी माझ्या मालाचा विमा तिकडच्या कंपनीकडे काढला तर चालतो का? का इथेही मोड १ बंद?

मेघना_ठाणे

@द्राक्षबाग, विमा माझं टेबल नाही, पण जेवढं नक्की माहीत आहे तेवढं सांगते. भारतातल्या मालमत्तेचा विमा परदेशी कंपनीकडे काढायचा तर विमा नियामकाची आधी परवानगी लागते, कायद्यातच तसं कलम आहे. सौदा एफओबी असेल तर माल जहाजावर चढला की जोखीम खरेदीदाराची. तिथून पुढचा विमा तो त्याच्या देशात काढेल, त्यात तुमच्या परवानगीचा प्रश्नच येत नाही. सीआयएफ असेल तर विमा तुम्ही काढायचा, आणि मग इथली कंपनी. म्हणजे उत्तर आधी तुमच्या इन्व्हॉइसवर शोधा, करार नंतर.

वसईकर_अनंत

विम्यात तीस वर्षं काढली, म्हणून थोडी भर. सीमेपलीकडची विमासेवा सगळ्यात मोकळी कुठे असेल तर पुनर्विम्यात, म्हणजे विमाकंपनी स्वतःच्या जोखमीचा दुसऱ्या कंपनीकडे विमा काढते त्यात. भारताने गॅट्समध्ये मोड १ खाली जे कबूल केलं त्यात पुनर्विमा आहे: देशांतर्गत सक्तीचा हिस्सा देऊन झाल्यावर उरलेली जोखीम बाहेर देता येते. आणि मालवाहतुकीचा विमा, जिथे तो भारतीय कंपनीकडेच काढायची सक्ती नसेल तिथे.

व्यवहारात कसं चालतं ते बघा. द्राक्षबागवाल्यांनी नाशकात पॉलिसी घेतली. कंपनी त्यातला ठरलेला हिस्सा चर्चगेटच्या जीआयसी री या सरकारी पुनर्विमा कंपनीला देते, सध्या तो ४ टक्के आहे. उरलेल्यातला काही भाग म्युनिक री, स्विस री, हॅनोव्हर री अशांकडे जातो. २०१५ च्या कायदा-दुरुस्तीनंतर या कंपन्यांना इथे शाखा काढता आल्या, २०१७ मध्ये लंडनचा विमाबाजार लॉइड्सही मुंबईत आला. त्यामुळे पिंपळगावच्या एका कंटेनरच्या जोखमीचा तुकडा खरोखर म्युनिकमध्ये पडलेला असू शकतो, शेतकऱ्याला त्याचा पत्ताही नसतो. आणि ते चांगलंच आहे. गारपीट, पूर, बंदरातली आग हे सगळं एकाच देशाच्या विमाकंपन्यांनी अंगावर घेतलं तर एखाद्या वाईट वर्षात सगळ्याच आडव्या होतील.

थेट ग्राहकाला विकायला बंदी आणि कंपनी-कंपनीत मोकळीक, या भेदामागे हेच शहाणपण आहे. पुनर्विमा घेणारा स्वतः जाणकार असतो. बागायतदाराने झुरिकच्या कोर्टात दावा लावायला जावं अशी अपेक्षा कुणी ठेवू नये.

प्रश्नार्थक

मेघनाताई, लेख आवडला, पण मला हे एवढं निर्धोक वाटत नाही. हे करार मोठ्या बँकांना हवेत म्हणून होतात. एकदा लिहून दिलं की सरकारचे हात बांधले जातात. २००८ च्या संकटानंतर संयुक्त राष्ट्रांनी जोसेफ स्टिग्लिट्झ यांच्या अध्यक्षतेखाली आयोग नेमला होता. त्याच्या २००९ च्या अहवालातही इशारा आहे की व्यापार करारांतल्या वित्तसेवांच्या बांधिलकीमुळे देशांना नियमन कडक करणं अवघड जाऊ शकतं. तुमचं ते सावधगिरीचं कलम प्रत्यक्षात कधी कुणाला वाचवू शकलं आहे का?

तन्मय_लॉ

याचं उत्तर मी द्यायचा प्रयत्न करतो, माझा प्रकल्प याच विषयावर होता.

जागतिक व्यापार संघटनेत ते कलम कसाला लागलं ते पनामा विरुद्ध अर्जेंटिना या खटल्यात. करचुकवेगिरीबाबत माहिती न देणाऱ्या देशांच्या वित्तसंस्थांवर अर्जेंटिनाने जादा अटी घातल्या होत्या, त्यातल्या काही पुनर्विमा आणि शेअरबाजाराबद्दल. अर्जेंटिना म्हणाली, हे सावधगिरीचे उपाय आहेत. २०१५ मध्ये पॅनेलने, म्हणजे खटला आधी ऐकणाऱ्या पंचांनी, दोन गोष्टी सांगितल्या. एक, या कलमाखाली कुठल्याही प्रकारचा उपाय येऊ शकतो, त्याला वेगळी मर्यादा नाही. दोन, उपाय आणि सांगितलेलं कारण यांत तर्कशुद्ध कार्यकारणसंबंध दिसला पाहिजे, आणि इथे तो दिसत नाही. एप्रिल २०१६ मध्ये अपील मंडळाने पहिला मुद्दा कायम केला आणि बाकी निकाल वेगळ्याच कारणावरून फिरवला.

म्हणजे प्रश्नार्थक, तुमची शंका निम्मी खरी आहे. नुसतं 'सावधगिरी' म्हणून चालत नाही, कारण दाखवावं लागतं. पण तेवढं तर आपल्याच कोर्टातही दाखवावं लागतं.

दुसरा खटला मला याहून महत्त्वाचा वाटतो: अमेरिका विरुद्ध चीन, कार्ड पेमेंटचा. चीन २००१ मध्ये संघटनेत आला तेव्हा त्याच्या तक्त्यात लिहिलं होतं, 'सर्व पेमेंट आणि पैसे पाठवण्याच्या सेवा, क्रेडिट, चार्ज व डेबिट कार्डांसह'. प्रत्यक्षात तिथलं प्रत्येक कार्ड युनियनपे या चिनी कार्ड कंपनीच्या जाळ्यात चालायलाच हवं आणि त्यावर युनियनपेचं चिन्ह हवंच, असे नियम होते. अमेरिकेने २०१० मध्ये तक्रार केली. चीनचं म्हणणं असं की व्हिसा-मास्टरकार्डचं काम म्हणजे क्लिअरिंग (बँकांमधला आपसातला हिशेब मिटवणं), ते वेगळ्या कलमात मोडतं, त्याचं आम्ही काही कबूल केलेलं नाही. जुलै २०१२ मध्ये पॅनेलने ते अमान्य केलं. पण अमेरिकेलाही सगळं मिळालं नाही: सीमेपलीकडून थेट सेवा द्यायला बाजार खुला करायचं चीनने कबूल केलेलं नव्हतं, असंही पॅनेलने म्हटलं. तक्त्यातल्या एका रकान्यात काय भरलंय यावर एवढ्या मोठ्या बाजाराचा निकाल लागला. आणि निकाल लागूनही अमेरिकन एक्सप्रेसला तिथे क्लिअरिंगचा परवाना मिळायला २०२० उजाडलं.

मेघना_ठाणे

@तन्मय_लॉ, फार छान. डिसेंबर २०१९ पासून अपील मंडळाकडे पुरेसे सदस्यच नाहीत, त्यामुळे आज असा खटला झाला तर त्याचं घोडं अपिलातच अडकेल, एवढी पुस्ती जोडते.

@प्रश्नार्थक, तुमचा प्रश्न मला मनापासून महत्त्वाचा वाटतो, म्हणून सविस्तर लिहिते. हा सावधगिरीचा अधिकार नको इतका सोडून दिला की काय होतं याचं उदाहरण म्हणजे आइसलँड.

आइसलँड युरोपीय संघात नाही, पण युरोपीय आर्थिक क्षेत्राच्या करारात १९९४ पासून आहे. त्या करारात बँकांना 'पासपोर्ट' असतो: एका देशाचा परवाना घेतला की बाकी देशांत शाखा उघडायला नवा परवाना नको आणि देखरेख मूळ देशाची. लँड्सबँकी या बँकेने या वाटेने २००६ मध्ये ब्रिटनमध्ये आणि २००८ मध्ये नेदरलँड्समध्ये आइससेव्ह नावाने ऑनलाइन बचत खाती उघडली. व्याज चढं होतं. ब्रिटनमध्येच तीन लाखांवर खातेदार झाले, म्हणजे जवळजवळ आइसलँडच्या लोकसंख्येइतके. ऑक्टोबर २००८ मध्ये बँक बुडाली. ब्रिटनने दहशतवादविरोधी कायद्यातल्या तरतुदीखाली तिची मालमत्ता गोठवली. दोन्ही सरकारांनी आपापल्या ठेवीदारांना पैसे दिले आणि आइसलँडकडे भरपाई मागितली. आइसलँडच्या लोकांनी मार्च २०१० आणि एप्रिल २०११ अशा दोन सार्वमतांत नकार दिला. जानेवारी २०१३ मध्ये या करारातले आइसलँडसारख्या देशांचे वाद ऐकणाऱ्या एफ्टा न्यायालयाने सांगितलं की आइसलँडने कराराचा भंग केलेला नाही. बँकेच्या मालमत्तेतून अग्रक्रमाची सगळी देणी फिटायला २०१६ चा जानेवारी आला.

याच्याच शेजारी दुसरं चित्र ठेवा. कौपथिंग ही तिथलीच दुसरी बँक, त्याच आठवड्यात बुडाली. पण ब्रिटनमधल्या ठेवी तिने शाखेत घेतल्या नव्हत्या, तिथे नोंदलेल्या उपकंपनीत घेतल्या होत्या. ती उपकंपनी ब्रिटिश देखरेखीखाली होती, ठेव-विमाही ब्रिटिश. त्या ठेवी काही दिवसांत दुसऱ्या बँकेकडे वर्ग झाल्या.

शाखा की उपकंपनी, एवढाच फरक! २०१३ मध्ये रिझर्व्ह बँकेने परदेशी बँकांना संपूर्ण मालकीची उपकंपनी काढायला उत्तेजन देणारा आराखडा आणला, त्यामागे २००८ चा हा अनुभव होता. सिंगापूरच्या डीबीएसने मार्च २०१९ मध्ये तो मार्ग घेतला आणि म्हणूनच नोव्हेंबर २०२० मध्ये अडचणीतली लक्ष्मी विलास बँक तिच्यात विलीन करता आली. डीबीएस इथे एवढी वाढली त्याची एक वाट २००५ च्या भारत-सिंगापूर करारातून जाते, हेही नोंदवते.

जुना_बँकवाला

मेघना, तुला मुंबईचीच एक आठवण देतो. बीसीसीआय, म्हणजे बँक ऑफ क्रेडिट अँड कॉमर्स इंटरनॅशनल. नोंदणी लक्झेंबर्गची, कारभार लंडनचा, शाखा जगभर आणि पूर्ण चित्र कुठल्याच नियामकाकडे नाही. ५ जुलै १९९१ ला अनेक देशांनी एकदम टाळं ठोकलं. तिची एक शाखा मुंबईत होती. ती ताब्यात घेण्यासाठी स्टेट बँकेला वेगळी बँक उभी करावी लागली, १९९३ मध्ये. आम्ही तेव्हा नोकरीत होतो. त्या शाखेच्या खातेदारांचे चेहरे मी पाहिले आहेत. पासबुक छातीशी धरून लोक विचारायचे, "साहेब, बोर्डावर बँक लिहिलंय ना, मग सरकार देईल ना?"

आज इथल्या परदेशी बँकेच्या शाखेतली ठेवही आपल्या ठेव-विम्याखाली येते, पाच लाखांपर्यंत. ठाण्यातून लंडनला थेट ठेवलेल्या ठेवीला ते छत्र नाही. तुझ्या मेहुण्यांना हे आधी सांग.

थेम्सकाठी

लंडनमधून लिहितेय. पासपोर्ट असलेल्या जगात मी नोकरी केली आणि तो गेलेल्या जगातही करते आहे. ३१ डिसेंबर २०२० ला ब्रिटनच्या वित्तकंपन्यांचा युरोपीय पासपोर्ट संपला. ब्रेक्झिटच्या घटस्फोटानंतरचा युरोपशी झालेला तो करार बाराशेहून जास्त पानांचा. माशांवर महिनोन्‌महिने भांडण झालं आणि वित्तसेवांच्या वाट्याला जेमतेम काही पानं आली. पहिल्याच महिन्यात, जानेवारी २०२१ मध्ये, शेअर व्यवहारांत ॲमस्टरडॅम लंडनच्या पुढे गेलं. आमच्या मजल्यावरची दोन टेबलं फ्रँकफर्टला हलली, माणसांसकट. एक सहकारी मुलांच्या शाळेसाठी इथे राहिला आणि त्याने क्षेत्रच बदललं.

पासपोर्टच्या जागी जे आलं त्याला समकक्षता म्हणतात. म्हणजे तुमचे नियम आमच्याइतके चांगले आहेत असं युरोपने ठरवायचं आणि वाटलं तर काढून घ्यायचं. स्वित्झर्लंडच्या शेअरबाजारांची समकक्षता २०१९ च्या जूनअखेर अशीच संपली. करारात लिहिलेला हक्क आणि दुसऱ्याच्या मर्जीवरची सवलत यांत केवढं अंतर आहे ते इथे रोज दिसतं.

सिंगापूरकर

मला वाटतं आपण सगळे करारांबद्दल बोलतोय, पण सामान्य माणसाच्या आयुष्यात फरक पडला तो कराराबाहेर. २१ फेब्रुवारी २०२३ ला यूपीआय आणि सिंगापूरची तशीच पेमेंट व्यवस्था पेनाउ जोडली गेली. आई साताऱ्याला असते. पूर्वी तिला पैसे पाठवले की दोन दिवस लागायचे आणि मध्ये कमिशन कापलं जायचं. आता चहा उकळेपर्यंत तिचा फोन येतो, आले म्हणून. हे कुठल्या करारातल्या मोडमुळे झालं?

मेघना_ठाणे

मोडमुळे नाही. तुमचं बरोबर आहे. ते रिझर्व्ह बँक आणि सिंगापूरचं चलन प्राधिकरण यांनी आपसात केलं. वित्तसेवांत हे नेहमी दिसतं: व्यापार खातं करार लिहितं, पण पैसा प्रत्यक्ष हलतो तो दोन नियामकांचा एकमेकांवर विश्वास बसतो तेव्हा.

प्रश्नार्थक

आइसलँडचं उदाहरण पटलं. मग माझी शंका नेमकी करून विचारतो. रिझर्व्ह बँकेने एप्रिल २०१८ मध्ये सांगितलं की पेमेंटची माहिती भारतातच साठवा. उद्या एखाद्या करारात आपण याविरुद्ध लिहून दिलं तर?

तन्मय_लॉ

तसं लिहिलेले करार आहेत. अमेरिका-मेक्सिको-कॅनडा करार, १ जुलै २०२० पासून लागू. त्यात म्हटलंय की नियामकाला माहिती ताबडतोब, थेट, पूर्ण आणि सतत मिळत असेल, तर ती आपल्याच देशात साठवायची सक्ती वित्तसंस्थांवर करायची नाही. गंमत म्हणजे त्याआधीच्या प्रशांत महासागरी करारात अमेरिकेच्याच अर्थखात्याने वित्तसेवांना अशा बंदीतून वगळून घेतलं होतं. २००८ मध्ये लेहमन ही अमेरिकी बँक बुडाली तेव्हा परदेशातल्या संगणकांवरची माहिती वेळेत हाती आली नाही, ही धास्ती त्यामागे होती. आपण तसं काही लिहून दिलं असतं, तर जुलै २०२१ मध्ये मास्टरकार्डला नवे ग्राहक घ्यायला जी बंदी घातली, ती टिकवणं अवघड गेलं असतं. ती बंदी जून २०२२ मध्ये, अटी पुऱ्या झाल्यावर उठली.

मेघना_ठाणे

म्हणूनच कुठलाही नवा करार आला की मी शुल्काचे तक्ते नंतर वाचते, आधी वित्तसेवांच्या प्रकरणातले अपवाद वाचते. विम्यात परदेशी गुंतवणुकीची मर्यादा २०१५ मध्ये ४९ टक्के झाली, २०२१ मध्ये ७४, आणि २०२५ च्या कायद्याने १०० टक्क्यांची वाट मोकळी झाली. हे आपण आपल्या कायद्याने केलं, म्हणून चुकलं तर संसदेला बदलता येतं. तेच करारात गोठवलं, तर मागे फिरताना समोरच्याला काहीतरी द्यावं लागतं. प्रश्नार्थक, तुमच्या भीतीशी मी इथे पूर्ण सहमत आहे.

द्राक्षबाग

आज इन्व्हॉइस काढून बघितलं. सीआयएफच आहे, म्हणजे विमा इथलाच. मग पॉलिसीही पहिल्यांदाच शेवटपर्यंत वाचली, भाचीला शेजारी बसवून. मागच्या पानांवर लंडनची छापील कलमं जोडलेली आहेत. त्यात दोन गोष्टी सापडल्या. एक, उशिरामुळे झालेलं नुकसान धरलं जाणार नाही, उशीर विमा असलेल्या कारणाने झाला तरीही. तांबड्या समुद्रातल्या हल्ल्यांमुळे जहाजं आफ्रिकेला वळसा घालून जायला लागली तेव्हा आमचे घड मऊ पडले, दावा नामंजूर झाला, तो का हे मला आज कळलं. दुसरी, अगदी शेवटची ओळ: हा विमा इंग्लंडचा कायदा आणि प्रघात यांना अधीन राहील. कंपनी इथली, हप्ता रुपयात, सही नाशकातली.

वसईकरकाका, हंगामाच्या आधी उशिराचं कलम वेगळं घेता येतं का? रेफ्रिजरेशन बंद पडण्याचं मिळतं असं एजंट म्हणतोय, उशिराचं तो टाळतोय.

वसईकर_अनंत

शीतयंत्र बंद पडण्याचं मिळतं, किती तास बंद असलं तर दावा लागतो ती अट नीट वाचा. नुसत्या उशिराचं नाशवंत मालाला सहसा कुणी देत नाही. पॉलिसीची ती दोन पानं मला व्यनिने (व्यक्तिगत निरोपाने) पाठवा, नाव आणि नंबर झाकून. उद्या संध्याकाळपर्यंत बघून सांगतो.